मटार सोलणारे हात

फिलूमावशी फ्रेंच सिनेमाची संकलक. पण मॉन्ट्रियलमधल्या तिच्या बेसमेंटात सिनेमा पास करायची तिची आई! वसईहून आलेली म्हातारी. फ्रेंचचं अक्षर कळत नव्हतं. मावशी तिच्या मांडीवर मटारच्या शेंगांची परात ठेवायची आणि जोडलेला प्रसंग लावायची. आईचे हात सोलत राहिले तर प्रसंग नापास, थांबले तर पास.

"भाषा कळणारा माणूस संवादांवर भागवून घेतो गो," मावशी म्हणायची. "न कळणाऱ्याला खुर्चीत धरून ठेवून दाखव!"

मी तिची मदतनीस. पुण्यात फ्रेंच शिकून आलेली, त्यामुळे डोक्यात हवा! पहिल्यांदाच तिने मला अख्खा प्रसंग जोडायला दिला: बाप लेकीला स्टेशनवर सोडतो. काय एकेक वाक्य होतं त्या बापाच्या तोंडी! मी एकही गाळलं नाही. आई टपाटप शेंगा सोलत होती. मध्येच म्हणाली, "फिलू, डाळ लागली वाटतं," आणि उठून गेलीच. अस्सा राग आला मला!

"त्यांना फ्रेंच येत नाही, त्यांना काय कळणार?"

"तुला येतं ना? म्हणून तुला दिसलं नाही. बापाचं तोंड बंद कर, हात बघ त्याचे."

बघितले. बाप लेकीच्या कोटाचं बटण लावत होता, काढत होता, पुन्हा लावत होता. मी सगळी वाक्यं उडवली. या वेळी आईच्या बोटांत शेंग अर्धवट उघडी राहिली. "पोचेल ना गो पोर नीट?" तिने विचारलं. मी उडीच मारली!

पुढे आई गेली. काही वर्षांनी मावशीला अर्धांगवायूचा झटका आला आणि तिचं सगळं फ्रेंच पुसलं गेलं. शेजारीण 'बोंझूर' म्हणाली की मावशी नुसती बघत राहायची. उरली ती वसईची मराठी.

तेव्हा माझा पहिला स्वतंत्र सिनेमा अडला होता. शेवट जमला नाही तर दुसरा संकलक आणतो, असं दिग्दर्शकाने बजावलं होतं. जमलाय की नाही, मला कळेना. फ्रेंच येतं ना मला!

डीव्हीडी आणि मटार घेऊन मावशीकडे गेले. डाळ चढवली, परात तिच्या मांडीवर ठेवली, शेवट लावला. शेंग मांडीवर दाबून ती एका अंगठ्याने फोडत होती. एक. दुसरी. तिसरी. माझा जीव टांगणीला! चौथीवर अंगठा थांबला. थांबूनच राहिला.

पडदा काळा झाला आणि मला करपल्याचा वास आला. "अगंबाई, मावशी, डाळ लागली!"

"लागू दे," ती म्हणाली. "परत लाव."