मारोतीची हाळी

मी चुडाव्याचा, मारोती पेडगावचा. दोघंही परभणी जिल्ह्यातले, एकाच पलटणीत, बर्फातल्या एकाच पोस्टवर. मी बोलायला लागलो की थांबत नाही, हे तुम्हाला आत्ताच कळेल. मारोती मात्र पक्का घुम्या. घरची मेंढरं, लहानपण माळावर गेलं, माणसांत बोलायची सवयच लागली नाही.

एका रजेत त्याच्या घरी गेलो, तेव्हा त्याची सोयरीक मोडल्याचं कळलं. पारावर एक काका मला म्हणाले, "पोरगं लय गुणाचं हाय, पण पाव्हण्यांपुढं तोंडात मूग धरून बसलं. अशाला पोरगी कोण देईल? बोलणाऱ्याची बोरं खपतात, बाबा." मारोती शेजारीच होता. तो हसला आणि चहा पीत राहिला.

पोस्टवर आल्यावर ही गोष्ट मी आमच्या सुभेदारसाहेबांना सांगितली. ते हिमाचलच्या डोंगरातले. त्यांना नवलच वाटलं. म्हणाले, "हमारे गाँव में तो ऐसे ही लड़के को बेटी देते हैं. ज़्यादा बोलने वाले से डरते हैं." हे माझ्याकडं बघून म्हणाले.

पुढं एके दिवशी आम्ही पाच जण पेट्रोलवर, म्हणजे गस्तीवर होतो, मारोती आणि सुभेदारसाहेब पोस्टवर. परतताना भर दुपारी हिमवादळ आलं. स्वतःचा पंजा दिसेना. एका अंगाला खोल दरी.

वायरलेस सेटवर सुभेदारसाहेबांचा आवाज आला. "लोकेशन बताओ, ओव्हर."

"कुछ नहीं दिख रहा, ओव्हर."

मग थंडीनं बॅटरी गेली. पोस्टवरून गोळ्या झाडल्या, पण आवाज चारी बाजूंनी घुमला, दिशा कळेना. आम्ही एका दोरीला धरून बसलो. तिथं बसलेला माणूस पुन्हा उठत नाही, हे पाचही जणांना ठाऊक होतं. मला आई आठवली. मी घाबरलो होतो.

तेवढ्यात हाळी ऐकू आली. दिवस मावळताना मेंढरं वाड्याकडं बोलवायची, लांब, चढत जाणारी, आपल्या माळावरची हाळी. थांबायची, पुन्हा यायची, दर वेळी एकाच अंगानं. अंगावर काटा आला.

"मारोती हाय," मी म्हणालो. "उठा."

आवाजाकडं तोंड करून आम्ही चालत राहिलो. वारा फिरला की हाळी हरवायची, मग थांबायचो. ती परत यायचीच. एवढा आवाज त्या माणसाच्या छातीत कुठं मावला होता, मला अजून समजत नाही.

तो पोस्टच्या बाहेर, तोंडावरचं कापड काढून वाऱ्यात उभा होता. एकेकाच्या खांद्याला हात लावला.

"आली समदी," एवढंच बोलला.

त्या थंडीत छाती फोडून ओरडणं त्याला बाधलं. फुप्फुसात पाणी झालं. वादळात हेलिकॉप्टर येऊ शकलं नाही. मारोती पोस्टवरच गेला.

पेडगावात मंडप उभा राहिला, माइकवर पुष्कळ भाषणं झाली. पारावरचे काका बोलायला उभे राहिले आणि रडून खाली बसले.

आता मी निवृत्त आहे. परवा त्याच्या वडिलांकडं गेलो होतो. तेही घुमेच. अंगणात दोघं नुसते बसलो. ऊन उतरलं तसे ते उठले, माळाकडं तोंड केलं आणि तीच हाळी दिली. लांबवर मेंढरं वळली.

मीही उठलो होतो. आवाजाकडं दोन पावलं चालून गेल्यावर ते माझ्या लक्षात आलं.