फरासीस मामूंची डेगची

घराण्यातल्या शूरांच्या गोष्टी सगळेच सांगतात. आपल्या पडदादानं, म्हणजे पणजोबानं, बंदूक खाली कशी ठेवली, हे छाती पुढे काढून सांगणारे मला फक्त फरासीस मामू भेटले.

मादन हिप्परग्याच्या अलीकडच्या आमच्या गावात ते भांड्यांना कल्हई करत. फरासीस म्हणजे फ्रेंच; त्यांच्या गोष्टीवरून गावानं दिलेलं नाव. निजामाच्या राजवटीतले ते दिवस. चिंचेखाली खड्डा करून भाता लावायचे, नवसागराचा धूर उठला की अख्ख्या गल्लीला कळायचं, मामू बसले. काम संपलं की स्वतःची तांब्याची डेगची शेवटी घ्यायचे आणि तिला सगळ्यांच्या भांड्यांपेक्षा जास्त वेळ घासायचे. मग त्याच डेगचीत खिचडी शिजायची. आमच्या घरचा स्वयंपाक मामूंनी कल्हई केलेल्या पातेल्यात व्हायचा, पण त्यांच्या डेगचीतली खिचडी आम्हाला चालत नसे. मामूंना ते ठाऊक होतं. तरी दर वेळी विचारायचे, "खातास का रे बाबू?" मी मान हलवून नाही म्हणायचो. वास मात्र पोटभर घ्यायचो.

खिचडी शिजेपर्यंत गोष्ट चालायची.

"हैदराबादेत आमची पलटण हजारोंची. वर साहेब फरासीस, निशाण तीन रंगांचं. एक दिवस सकाळी उठून बघतेत तर चौफेर इंग्रज. टेकडीवर तोफा, गोलंदाजाच्या हातात पेटती बत्ती. हुकूम आला, पलटण मोडली, बंदुका ठेवा. पडदादांनी ठेवली. तर एक गोरा म्हणला, हातातली डेगची बी ठेव. पडदादा म्हणले, बंदूक सरकारची, डेगची माझी! आन् ती डोक्यावर घेऊन चालत गावाला आले."

"म्हणजे मामू, एक बी गोळी झाडली न्हाई?" कुणीतरी डिवचायचं.

"न्हाई."

"मग ही लढाई कशाची?"

"कामून हसायलास? गोळी सुटली असती तर मी झालो असतो का? तुझ्या आईची भांडी तशीच काळी पडली असती की!"

यावर हशा व्हायचा आणि त्यात मामूंचा आवाज सगळ्यात मोठा असायचा. मग ते शेवटचा प्रश्न टाकायचे, "सांगा बघू, त्या दिवशी मोठा माणूस कोण?" खिचडीवर डोळा ठेवून कुणी म्हणायचं, पडदादा. मामू मान हलवायचे. "टेकडीवरचा बत्तीवाला. हात भरून आला असंल त्याचा, पर बत्ती तोफेला लावली न्हाई. बंदूक ठेवणारा समद्यांना दिसतो. न झाडणारा कुणाला दिसत न्हाई."

त्यांच्या काळ्या बंडीला एक बटण वेगळं होतं, पिवळं, झिजलेलं, त्यावर टोपीचं चित्र. पलटणीच्या कोटाचं ते बटण. "फरासीसांनी राजाला काढलं तवाची ही टोपी," असं सांगून ते आवाज खाली आणायचे, "राजाला काढता येतं, असं हिचं म्हणणं. हळू बोल, नाक्यावरचा जवान ऐकंल."

पुढे शाळामास्तर झाल्यावर मी पुस्तकांत वाचलं. राजाचं डोकं उडवून प्रजेचं राज्य मांडणाऱ्या फ्रेंचांशी इंग्रज त्या काळी जिथं तिथं लढत होते, युरोपात, समुद्रावर, मिसर देशात. त्याच धास्तीनं त्यांनी निजामाच्या चाकरीतल्या फ्रेंच सरदारांच्या पलटणी मोडायला लावल्या, आणि त्या रक्त न सांडता मोडल्या. मामूंची गोष्ट खरी होती. पुस्तकात डेगची तेवढी नव्हती.

पण मी बावीस वर्षांचा होतो तेव्हा मला ती गोष्ट पळपुट्याची वाटायची. वर्षभर आम्ही निजामाच्या बाजूच्या खाकी कपड्यांतल्या बंदूकवाल्यांच्या भीतीत काढलं होतं. गावातल्याही पाच पोरांनी खाकी घातली होती, त्यात मामूंचा भाचा करीम होता. वीरप्पा अण्णांची कडब्याची गंजी त्या पोरांनी पेटवली, तिच्याजवळ बांधलेली बैलजोडी जळाली. मी हद्दीपलीकडे जाऊन एक ठासणीची बंदूक घेऊन आलो होतो. त्यानंतर एकदा चिंचेखालून जाताना मी मामूंना ऐकू जाईल असं म्हणालो, "ह्यांच्या घराण्याला बंदूक खाली ठेवायचंच ठाऊक हाय." त्या दिवशी ते हसले नाहीत.

मग सोलापूरच्या बाजूनं दिल्लीची फौज आली आणि निजामानं शरणागती पत्करली. आमच्या गावात फौज अजून पोचायची होती. आम्ही शाळेपुढच्या लिंबाला तिरंगा बांधला. ती पाच पोरं करोडगिरीच्या, म्हणजे जकातीच्या, नाक्यावरच्या दगडी खोलीत बंदुकांसकट दडली आहेत, असं कळलं आणि गाव तिकडे लोटलं. सकाळची वेळ होती. सगळ्यात पुढे मी, बंदुकीचा घोडा चढवून. शेजारी कुऱ्हाड घेतलेले वीरप्पा अण्णा.

"बाहेर या रे! माझे बैल द्या आन् जावा!" अण्णा ओरडत होते. खिडकीतून एक नळी तेवढी दिसत होती.

तेवढ्यात मामू आले. डोक्यावर डेगची. नाक्याच्या आणि आमच्या मध्ये येऊन ते उभे राहिले.

"मामू, बाजूला व्हा," मी म्हणालो.

"व्हतो की. आधी पोरांना घेऊन येतो."

"ते आले की मी तोडणार," अण्णा म्हणाले.

"अण्णा, तुमचे बैल मी बघितलेत. माझ्या घरात बी त्या दिवशी चूल पेटली न्हाई. पोरांना फौजेच्या हवाली करा, कोर्टात उभं करा, मी ना म्हणत न्हाई. पर हितं मारलात तर तुमचे बैल तर गेलेच, पोरं बी जातील." मग ते माझ्याकडे वळले. "बाबू, आज बत्ती तुझ्या हातात हाय."

माझी बंदूक त्यांच्या छातीवरच्या त्या पिवळ्या बटणाच्या रेषेत होती. मी घोडा अलगद उतरवला. माझं बघून मागच्यांनीही हातातलं खाली केलं. अण्णा तेवढे कुऱ्हाड धरून होते, पण जागचे हलले नाहीत.

मामू आत गेले. बराच वेळ त्यांचा एकट्याचा आवाज येत होता. मग ते बाहेर आले. मागे एका ओळीत पाच पोरं, नळ्या जमिनीकडे, करीम सगळ्यात शेवटी रडत. तिरंग्याखाली येऊन त्यांनी एकेक बंदूक ठेवली. मामू निशाणाकडे बघून म्हणाले, "पडदादांनी बी तीन रंगांच्याच निशाणाखाली बंदूक ठेवली होती. रंग तेवढे दुसरे."

तेव्हा गर्दीतली एक म्हातारी ओरडली, "आन् मामू, डेगची?"

"ती माझी!" मामू म्हणाले, आणि लोक हसले. छातीवरचा धोंडा कुणीतरी उचलावा तसं झालं. अण्णांच्या हातातली कुऱ्हाड कधी खाली गेली ते त्यांनाही कळलं नसावं.

फौज येईपर्यंत पोरं शाळेत आमच्या पहाऱ्यात होती. संध्याकाळी अण्णांच्या घरून डाळ-तांदूळ आले. अण्णा शिव्या देतच म्हणाले, "उपाशी पोरं हवाली केली तर गावाची अब्रू जाईल." मामूंनी डेगची चढवली. त्या दिवशी त्यांनी विचारण्याआधीच मी ताट पुढे केलं.

करीम शिक्षा भोगून परत आला आणि मामूंच्या भात्यावर बसला. आसपासच्या कितीतरी गावांत असं झालं नाही. तिथं सुडापायी काय झालं ते लोक अजून नीट बोलत नाहीत. आमचं गाव सुटलं, या विचारानं मला हायसं वाटतं, आणि हायसं वाटल्याची लाजही वाटते.

दुसरी एक लाज त्याहून मोठी होती. त्या दिवसापासून मामूंनी गोष्टीचा शेवट बदलला. पडदादांची गोष्ट संपली की माझ्याकडे बोट दाखवायचे, "आन् हा माझा बत्तीवाला." लोक कौतुकानं बघायचे, मी मान खाली घालायचो. खरं वेगळं होतं. मी दया म्हणून घोडा उतरवला नव्हता. खिडकीतली नळी माझ्यावर रोखलेली होती. माझी गोळी सुटली तर पहिला मीच मरणार, हे मला दिसलं होतं.

मामू अंथरुणाला खिळले तेव्हा मी एका दुपारी त्यांच्या उशाशी बसून हे सगळं सांगून टाकलं. ते छताकडे बघत ऐकत होते. मग त्यांचं पोट हलायला लागलं. ते हसत होते.

"अरे, मग पडदादांनी बंदूक काय हिमतीनं ठेवली? भ्यालेच होते. तो बत्तीवाला बी भ्यालाच असंल. भिऊन का व्हईना, समदे घरी गेले का न्हाई?"

"गेले, मामू."

"मग? कामून रडायलास? खिचडी हाय, खाऊन जा."

मी तिथंच बसून खाल्ली. वीस वर्षांचं ओझं एका ताटात उतरलं. महिन्याभरात मामू गेले.

आता चिंचेखाली करीम बसतो. ते पिवळं बटण त्याच्या सदऱ्याला आहे. त्याची पोरं गोष्ट ऐकतात आणि शेवटी माझ्याकडे बघतात. मी आता मान खाली घालत नाही. "लई भ्यालो होतो रे," असं त्यांना सांगतो आणि डेगचीपुढे ताट धरतो.