लिंबाखालचं काळथांब यंत्र

सर्व जाणत्या-नेणत्यांस अत्यंत गांभीर्याने कळविण्यात येते की, एका चैत्रातल्या संध्याकाळी पांढरकवड्याला, आमच्या वस्तीतल्या लिंबाखाली काळ थांबला होता. थांबवणारा मी. पुरावा म्हणून माझ्या डाव्या खांद्यावर वण आहे. तो मी न मागता सदरा काढून दाखवतो, म्हणून लग्नकार्यात बायको मला आपल्या नजरेसमोर बसवते.

आम्ही बौद्ध झालो त्याला तीन-चार वर्षं झाली होती. त्याआधी आमची दंडार, म्हणजे सोंगं-गाण्यांचा खेळ, पंचक्रोशीत नावाजलेली. लिंबाच्या फांदीला विहिरीची कप्पी बांधायची, पाटावर मांडी घातलेला देव दोराने अलगद खाली सोडायचा. तेवढं बघायला लोक बैलबंड्या जुंपून यायचे. आता देव सोडले. कप्पी राहिली, दोर राहिला, उतरवायला कोणी उरलं नाही.

तेव्हा मी विशीतला, नुकता मॅट्रिक, अंगात नाटक. मी एक यंत्र रचलं. कापसाच्या जिनातलं मोडीत निघालेलं चाक, रॉकेलचे डबे ठोकून केलेला पत्र्याचा पेटारा, त्याला चांदीचा रंग, आत बॅटरी. चाक फिरून थांबलं की काळ थांबणार. मग मागचं जग, हे जग आणि पुढचं जग एकमेकांना जोडली जाणार, आणि पुढच्या जगातून आमचा एक पणतू कोट-पँट घालून वरून उतरणार. त्याचं नाव ‘येणारा काळ’. तो खाली येऊन आपलं एकच वाक्य म्हणणार, स्वतःच्या हाताने चाक फिरवणार, तेव्हा काळ पुन्हा सुरू.

मामा दंडारीचे प्रमुख, जिनात फिटर. मागच्या जगातला आजा तेच होणार होते. माझ्या चुलतभावाला त्यांनी येणारा काळ केलं, कारण तो वजनाने हलका आणि कोट त्यालाच बसला. मी म्हटलं, पाटावर बसवून उतरवू.

मामा म्हणाले, “कोटातला मानूस पाटावर मांडी घालून येईन काय, देवासारखा? उभा येईन.”

“पडला तं?”

“कमरेले बांधू. पाट आता आपल्यात नाही चालत.”

दोर कोटाच्या आतून कमरेला बांधायचं ठरलं. दुसरा हुकूम असा की, चाक थांबल्यावर जो हलेल तो दंडारीतून कायमचा बाद. तालमीत एकाने मान खाजवली. त्याला मामांनी खरोखर काढला. तालमी मोठ्या आईच्या, म्हणजे चुलतभावाच्या आईच्या, अंगणात होत. ती ज्वारी पाखडता पाखडता सगळं ऐकायची.

प्रयोगाला लिंबाखालचं अंगण तुडुंब. मी चाक फिरवलं, ते थांबलं, मी कडीवर हात ठेवून दगड झालो. समोर मामा कमरेला विळा खोचून दगड झाले. वरून कोट उतरू लागला आणि आमच्या डोक्याच्या बऱ्याच वर अडकला.

दोर कप्पीच्या खाचेतून निसटून बाजूला रुतला होता. पडद्यामागे दोर धरणाऱ्याच्या हाताला तो सैल लागला. उतरला असं समजून त्याने खुंटीला गाठ मारली आणि तो बिडी ओढायला गेला.

इकडे कमरेचा फास सरकत छातीवर आला. भाऊ पाय झाडू लागला. लोकांना वाटलं, पुढच्या जगातून हवेत पोहत येतोय. कोणीतरी म्हणालं, “काय काम करून राह्यला पोट्टा.” टाळ्या पडल्या. फास काखेत गेला, हात वर झाले, तोंड उघडलं, आवाज नाही. त्याचा चेहरा जांभळा होताना मला दिसत होता. मामांनाही दिसत होता. त्यांचे डोळे वर होते, पण मान वर झाली नव्हती. त्यांच्या कपाळावरून घाम भुवईत उतरला, तो त्यांनी पुसला नाही. मग मी मामांकडे बघू लागलो, मामा चाकाकडे. चाक फिरवायचं होतं वरच्याने. मामा हलत नाहीत तोवर मी हलणार नव्हतो, आणि हुकूम देणारा पहिला कसा हलणार?

बायकांच्या बाजूने मोठी आई उठली. घाई नाही, ओरडणं नाही. पदर खोचून ती सरळ लिंबाखाली आली, माझा हात कडीवरून झटकला आणि चाक फिरवलं.

आम्ही दोघेही सुटलो. मामा यंत्रावर चढले, त्यांनी भावाचे पाय छातीशी धरून त्याला वर उचललं. मी त्यांच्या कमरेचा विळा ओढला, बाजूने चढलो आणि दोर कापू लागलो. विळा खोटा नव्हता, हे नशीब. दोर तुटला, पेटारा फुटला, आम्ही तिघे पत्र्यात कोसळलो. माझा वण तो.

भाऊ मातीत उताणा पडला होता. छाती हलेना. मोठी आई त्याच्या डोक्याशी बसली, कोटाची बटणं तोडली. मग तो खोकला, पुन्हा खोकला, आणि डोळे उघडले.

मामा लगेच त्याच्या कानाशी वाकले. लोक बघत होते ना. “वाक्य म्हन, बाबू,” ते कुजबुजले, “तुह्यं वाक्य राह्यलं.”

मोठ्या आईने मान वर केली आणि शेवटच्या रांगेला ऐकू जाईल अशी म्हणाली, “वाक्य मागून म्हनन थो. त्या येनाऱ्या काळाले पयले पानी पाजा कोनी.”