उत्तरामावशीच्या जिन्याला फाटक

उत्तरामावशी म्हणजे आमच्या जपानातल्या सेंदाईच्या गणपतीत मखरसुद्धा प्लॅन काढून उभं करायला लावणारी बाई. पुण्यात असताना दहा वर्षं आर्किटेक्ट म्हणून तिने एसटी स्थानकं आणि जिल्हा परिषदेच्या शाळा केल्या. शाळेच्या नकाशात आधी मुलींचं स्वच्छतागृह काढायचं, मग वर्ग, असा तिचा नियम. वर्ग कुणी विसरत नाही, म्हणते.

२००९ मध्ये विश्वनाथकाका इथल्या विद्यापीठात संशोधनाला आले, त्यांच्याबरोबर तीही आली, आणि तिची डिग्री विमानातच कुठेतरी विरघळली. कान्नो-सान यांच्या चार माणसांच्या ऑफिसात ती मॉडेलसाठी थर्माकोल कापायची. इथली आर्किटेक्टची परीक्षा, तीही जपानीत, तिसऱ्या खेपेला पास झाली. तोवर २०११ चा भूकंप आणि त्सुनामी होऊन दोन वर्षं उलटली होती आणि किनाऱ्यावर सगळंच नव्याने बांधायचं होतं.

तिच्या वाट्याला एका बंदराचं सभागृह आलं. लाटेनंतर तिथली घरं टेकडीवर गेली, पण गावाचा धंदा असलेली शिंपल्यातली कालवं काही टेकडीवर वाढत नाहीत. कामाला सगळ्यांना खाली बंदरातच यावं लागतं. म्हणून खाली सभागृह, वर उंच गच्ची, आणि गच्चीवर जायला बाहेरून रुंद जिना. लाट आली की सरळ वर. ओनोदेराआजी, वय ऐंशी, कालवं फोडण्यात गावात एक नंबर, त्यांनी पहिल्याच बैठकीत सांगितलं होतं की २०११ मध्ये त्या कुणाच्या तरी पाठीवरून टेकडीवर गेल्या. आता पाठीवर नको, पायांवर जायचंय. मावशीने प्लायवूडच्या पायऱ्या करून आजींना चढायला लावलं आणि आजी न थांबता चढेपर्यंत उंची कमी करत गेली.

मग आले नगरपालिकेचे ओइकावा-सान. यांची नक्कल करायची तर मान डावीकडे झुकवायची आणि गरम चहा तोंडात असल्यासारखी दातांतून हवा ओढायची. स्स्स. मुलं चढतील. स्स्स. पडतील. जबाबदारी कुणाची? म्हणून जिन्याच्या तोंडाशी कुलूपबंद फाटक, आणि किल्ली एका पेटीत. जमीन जोरात हादरली की पेटी आपोआप उघडते. त्या पेटीवर ओइकावा-सान यांचं पोटच्या पोरासारखं प्रेम.

मावशीने सांगितलं, जमीन न हलताही लाट येते. आजी म्हणाल्या, साठ साली चिलीतल्या भूकंपाची लाट आली तेव्हा इथे टेबलावरचा कपही हलला नव्हता. ओइकावा-सान म्हणाले, विचार करू. या देशात याचा अर्थ, विचार झालाय आणि उत्तर 'नाही' असं आहे. फाटकासह नकाशावर सही करायला मावशीने नकार दिला. कान्नो-सान यांनी मान खाली घालून स्वतःची केली.

२०१५ च्या वसंतात सभागृह उघडलं. सप्टेंबरमध्ये पुन्हा चिलीतच भूकंप झाला. दुसऱ्या दिवशी सकाळी इथे लाउडस्पीकर ओरडू लागले, समुद्रापासून दूर जा. सामान आवरायला बंदरात आलेल्या अकरा बायका जिन्याशी धावल्या. फाटक बंद. पेटीही बंद, कारण इथे काही हललंच नव्हतं. किल्लीसाठी फोन केला तर ऑफिसची वेळ साडेआठपासून. शेवटी त्या टेकडीकडे चालत निघाल्या, ओनोदेराआजी ढकलगाडी धरून सगळ्यांच्या मागे. पाणी थोडंच चढलं. ओइकावा-सान यांनी अहवाल लिहिला: काहीही घडले नाही.

हे ऐकून मावशीने दोन दिवस धड जेवणही केलं नाही. पण खरा संताप पुढे होता. एका मासिकाला सभागृहाचे फोटो हवे होते. फोटोग्राफर म्हणाला, फाटकामुळे जिना नीट दिसत नाही. ओइकावा-सान यांनी एकदाही हवा ओढली नाही. चार बोल्ट काढले, दहा मिनिटांत फाटक भिंतीला टेकवलं.

फोटो झाल्यावर माणसं ते परत बसवायला आली, तर मावशी दुसऱ्या पायरीवर बसलेली आणि शेजारी ओनोदेराआजी.

"उत्तरा-सान, हे जरा कठीण आहे हो," ओइकावा-सान म्हणाले.

"फोटोसाठी दहा मिनिटांत निघालं," मावशी म्हणाली, तिच्या परीक्षेतल्या अतिनम्र जपानीत. "माणसांसाठी का निघत नाही, तेवढं समजावून सांगता का?"

आजी म्हणाल्या, "आमचा फोटो काढणार असाल तर बसवा फाटक. त्या सकाळी आम्ही त्याच्या बाहेरच उभ्या होतो."

स्स्स झालं, मान झुकली, फोन झाले. संध्याकाळी फाटक गोदामात गेलं. दप्तरी नोंद: छायाचित्रणासाठी तात्पुरते काढले आहे. त्या छायाचित्रणाला आता दोन वर्षं होतील.

लोक मावशीला म्हणतात, जिंकलीस की, आता पेढे दे. ती चिडते. तिला नगरपालिकेकडून एक ओळ लेखी हवी आहे, की फाटक लावणं चूक होतं. चार पत्रं गेली, चारही वेळा विचार सुरू आहे. कारण ती ओळ दिली, तर पलीकडच्या बंदरात नवं सभागृह होतंय, तिथल्या जिन्याला फाटक लावता येणार नाही.

तिथलं फाटक गेल्या महिन्यात लागलं. पेटीसकट.