नायिकेची ओळ

रविवारी दुपारी टीव्हीवर तो जुना, गाण्यांचा हलकाफुलका सिनेमा लागला. नायक-नायिका एकाच सायकलवरून गात निघाली आणि नायकाची ओळ बाबांनी नेहमीसारखी बेसूर म्हटली. नायिकेची ओळ आईची असायची. पोळ्या लाटता लाटता ती स्वयंपाकघरातून गायची. तिचा आवाज नीट ऐकू यावा म्हणून बाबा तेवढ्यापुरता टीव्ही मुका करायचे.

आई गेल्यानंतर हा सिनेमा आज पहिल्यांदाच लागला होता. इतकी हलकी गाणी रचणाऱ्यांना काय ठाऊक, पुढे ती कुणाच्या घरात किती जड होतील.

“थांब, आता ती,” बाबा म्हणाले आणि सवयीने त्यांनी रिमोट दाबला.

पडद्यावर नायिका नुसतेच ओठ हलवत राहिली. आम्ही दोघं स्वयंपाकघराकडे कान लावून बसलो.