दत्तूचा चालता माणूस

दत्तू गेल्याचा फोन आला तेव्हा मी दुकानात मोटार वाइंडिंग करत होतो. खरं सांगतो, पहिला विचार आला तो त्यानं बनवलेल्या चालत्या माणसाचा. आता त्याला कोण चालवणार?... रडू नंतर आलं. महिना झाला, अजून मधूनच येतं. पण पोटातली जुनी जळजळ काही त्याच्याबरोबर गेली नाही.

आम्ही दोघे राजूरचे, एका वर्गातले. जालन्यात दोघांचीही मोटार दुरुस्तीची दुकानं, तीही समोरासमोर. ऐंशीच्या दशकात गणपतीत हलत्या देखाव्यांची भारी चढाओढ असायची. माझ्या मंडळाचा देखावा मी करायचो, त्याच्या मंडळाचा तो. माझा पुतळा मान हलवायचा, डोळे मिचकावायचा, रुळावरून सरकायचा. लोक खूश होते. मग एका वर्षी दत्तूचा पुतळा हाराचं तबक घेऊन चक्क पायांनी चालत गणपतीपर्यंत गेला. खाली रूळ नाही, मागे वायर नाही. पोटात स्कूटरची बॅटरी, मांड्यांत जीपच्या वायपरच्या मोटारी. तबक चौरंगाला टेकलं की आपला आपण वळून परत यायचा. माझी आई तो देखावा दोनदा बघून आली आणि मला म्हणाली, "बिलकुल माणसावाणी चालतो रे. तुला न्हाई जमायचं का तसं?"

जमवायचंच म्हणून मी वर्षभर खपलो. माझा गडी पाऊल उचलायचा आणि तोंडावर आपटायचा. एकदा दत्तू दारात येऊन उभा राहिला. मी झाकायला गेलो, तर हसला. "आसाराम, पाय उचलायची लई जल्दी करून राह्यला तू. मोंढ्यातले हमाल बघ. पाठीवर पोतं असलं की आधी अंग एका पायावर टाकतात, मंग दुसरा उचलतात. मी याच्या पोटात लोखंडाचा ठोकळा सरकता ठेवलाय. तूबी ठेव, बराबर चालंल." एवढी मोलाची गोष्ट त्यानं चहा पिता पिता सांगून टाकली. मला त्याचाच जास्त राग आला. लपवली असती तर चोरून तरी घेतली असती... पुढच्या गणपतीतही माझा पुतळा रुळावरूनच सरकला.

एकदा दत्तूच्या मांडवात आरतीला आलेले एक पुढारी फोटोसाठी मध्येच उभे राहिले. तबक त्यांच्या पोटाला टेकलं आणि पठ्ठ्यानं त्यांना सरळ पाठ दाखवली! मांडव हसून लोटपोट झाला. दत्तू म्हणाला, "त्याला काय कळतं, देव कोण अन् पुढारी कोण. काही लागलं की वळायचं, बस." मीही हसलो. पण घरी येऊन जेवण काही गेलं नाही.

परवा वहिनींनी बोलावलं. "भावजी, हे रोज दिवाबत्तीला चालवायचे त्याला. एकदा तुम्हीच चालवा. मला भ्या वाटून राह्यलं, बंद पडतो का काय." दत्तूचा चौकटीचा शर्ट घालून तो भिंतीशी, दत्तूच्या खुर्चीशेजारी उभा होता, हातात तबक. मी बटण दाबलं. आत ठोकळा सरकला, अंग डावीकडे कललं, मग उजवा पाय उठला. चाल तीच, दत्तूची, सावकाश. तो सरळ माझ्याकडे येत होता. बाजूला व्हावं असं वाटलं, पण झालो नाही. म्हटलं, येऊ दे, एकदा तरी माझ्याकडे येऊ दे... तबक छातीला टेकलं. तो जरा थांबला, एका पायावर वळला आणि दत्तूच्या रिकाम्या खुर्चीकडे चालू लागला.