घोंगड्याला दिलेली खळ

माझं लग्न चिंचोक्यांनी जमवलं. (माझ्या कर्तबगारीनं जमेल अशी घरात कुणाची अपेक्षाही नव्हती.)

गावात एसटीडीचा पहिला बूथ आला, त्या वर्षीची गोष्ट. मी कराडला नोकरीला लागलो होतो आणि आटपाडीकडचं आमचं मेंढपाळाचं घर बघायला मुलीचे वडील, तात्या, येणार होते. आमच्यात पाहुण्याला नवं घोंगडं अंथरायचं, आणि त्यावर बसून बोलणी सुरू झाली की ठरल्याशिवाय उठायचं नाही. घरच्या लोकरीचं घोंगडं सणगराकडून विणून आलं होतं. फक्त खळ द्यायची राहिली होती. (खळ म्हणजे चिंचोके कुटून शिजवलेली पेज. तिनं घोंगडं कडक होतं.)

"आई, बाजूला सर. मी देतो."

"पातळ कर रं."

पातळ? सोयरिकीचा मामला! मी दुप्पट चिंचोके घातले, घोंगडं लेपलं आणि भिंतीवर वाळत टाकलं.

सकाळी काढलं तर मधे कणा, दोन्ही बाजू उतरत्या. अंगणात ठेवलं तर छपरासारखं उभं! करडू आत जाऊन बसलं. त्याला हाकलून माझे वडील, आबा, वर बसले. ते उठले, की घोंगडंही उठलं.

"पाणी मार," आबा म्हणाले.

मी घागरभर ओतलं. घोंगडं नरमलं, पसरलं, आणि तेवढ्यात तात्या येऊन त्यावर बसलेसुद्धा.

"गारगार लागतंय," ते म्हणाले.

"उन्हाळ्यात आमी असंच अंथरतो," मी ठोकून दिलं.

ऊन आमच्याकडचं. बघता बघता घोंगड्याच्या कडा वाळून ताठ व्हायला लागल्या.

"तात्या, ठरवून टाका की."

"दमा, पावनं. मेंढरांचं इचारू दे."

"मेंढरं लय हायत. ठरवा."

तात्या आबांकडं वळले. "पोरगं लय उतावीळ दिसतंय."

"आजवर न्हवतं," आबा म्हणाले.

जमीन झाली, विहीर झाली, माझा पगार झाला. मी उभा, बसलो, परत उभा. शेवटी तात्या म्हणाले, "बरं. ठरलं," आणि उठले. धोतराला चिकटून घोंगडंही उठलं, दारासारखं ताठ!

आई तांब्या घेऊन धावली आणि मागून पाणी मारायला लागली.

"ठरल्यावर मोडायची रीत न्हाई आमच्यात," तात्या माझ्याकडं न बघता म्हणाले. "न्हाईतर दावलं असतं."

लग्नात सासऱ्यांनी मला घोंगडं दिलं, बिनखळीचं. आजही चिंच फोडायची असली की बायको मला आधी बाजाराला पिटाळते. मी मुकाट जातो. चिंचोके दिसले की हात अजून शिवशिवतात.